बिलाला न लागणारा कोड

लॉस एंजेलिसच्या पश्चिमेला समुद्राच्या कडेकडेने सायकलींसाठी बांधलेला एक लांबलचक काँक्रीटचा मार्ग आहे. सांता मोनिका, व्हेनिस करत तो थेट टॉरन्सपर्यंत जातो. लांबी साधारण ३५ किलोमीटर. व्हेनिसला या मार्गाजवळच, वाळूत, स्केटबोर्डवाल्यांसाठी मैदान बांधलेलं आहे. ते २००९ मध्ये खुलं झालं. अशा जागी काय घडू शकतं हे सांगायला कोणी तज्ज्ञ नको. स्केटबोर्डला ब्रेक नसतो. त्यावर माणूस आडवा उभा राहतो, त्यामुळे पाठीकडून काय येतंय ते त्याला दिसत नाही. चाकं असतात जेमतेम पाच-सहा सेंटिमीटर व्यासाची. एखाद्या खड्यावर अडली की फळी जागच्या जागी थांबते आणि माणूस पुढे फेकला जातो. समजा, मैदानातून बाहेर पडणारा एक मुलगा सायकलीच्या मार्गावर आला आणि मागून येणारी सायकल त्याच्यावर आदळली. मुलगा उजव्या हातावर पडला, मनगटाशी हाड मोडलं. सायकलवाला हँडलवरून पुढे उडाला, त्याचं गळपट्टीचं हाड मोडलं. दोघांना एकाच इस्पितळाच्या इमर्जन्सी विभागात आणलं. धडक एक, जागा एक, वेळ एक. पण या दोघांच्या कागदांवर ही एकच घटना इतकी वेगवेगळी उतरते की दोन्ही नोंदी शेजारी ठेवल्या तरी त्या एकाच धडकेच्या आहेत हे ओळखता येणार नाही.

अमेरिकेत बहुतेक रुग्णांच्या चार्टमधला मजकूर शेवटी कोडच्या रूपात विमा कंपनीकडे जातो. निदानाचे कोड ज्या यादीतून घेतात ती जागतिक आरोग्य संघटनेच्या रोगवर्गीकरणाच्या दहाव्या आवृत्तीवरून अमेरिकेने स्वतःसाठी वाढवून घेतलेली आहे. तिला आयसीडी-१०-सीएम म्हणतात. १ ऑक्टोबर २०१५ पासून ती तिथे लागू झाली. जखमेसाठी या यादीत दोन स्वतंत्र प्रकरणं आहेत. एकात 'एस' आणि 'टी'ने सुरू होणारे कोड येतात: काय मोडलं, कुठे मोडलं, डावं की उजवं, हाड कातडीबाहेर आलं की नाही. दुसऱ्यात 'व्ही', 'डब्ल्यू', 'एक्स' आणि 'वाय'चे कोड: कशामुळे लागलं, कुठे लागलं, त्या वेळी माणूस काय करत होता. आपल्या मुलाच्या मनगटाला एस ५२.५३१ए हा कोड लागेल. उजव्या हाताचं कोलीस फ्रॅक्चर, जखम बंद, आणि शेवटचा 'ए' म्हणजे उपचार अजून चालू आहेत. पुढे हाड जुळत असताना तो तपासणीला आला की 'ए'च्या जागी 'डी' येतो, आणि मनगट कायमचं आखडलं तर त्या तक्रारीच्या नोंदीत 'एस'. बिल उभं राहतं ते या पहिल्या प्रकारच्या कोडवर. दुसऱ्या प्रकारच्या कोडने बिलाची रक्कम सहसा एका डॉलरनेही हलत नाही. नियमावली तर स्पष्ट सांगते की बाह्य कारणाचा कोड कधीही पहिल्या क्रमांकावर लिहायचा नाही, आणि राज्याचा कायदा किंवा विमा कंपनी मागत नसेल तर तो लिहिण्याची देशभर सक्तीही नाही. स्वखुशीने लिहावा, एवढंच आर्जव. साहजिकच घाईच्या वेळी जे आधी गळतं ते हेच.

या सगळ्याचा मुद्दा असा की बिलाला न लागणारा हा कोडच समाजाला सगळ्यात जास्त लागतो. आणि तो थट्टेचा विषय झाला ही त्याची उणीव नसून आपण तो कशासाठी ठेवला हे विसरल्याची खूण आहे. हाडाचा कोड डॉक्टरांना, विम्याला, फार तर प्लास्टरच्या पुरवठादाराला उपयोगी. तेच फ्रॅक्चर मोरीत घसरल्यावर होतं, झाडावरून पडल्यावर होतं आणि स्केटबोर्डवरून पडल्यावरही होतं. पुढचं मनगट मोडू नये असं वाटत असेल तर मोरीच्या फरशीसाठी वेगळं काही करावं लागतं आणि सायकलमार्गाच्या वळणासाठी वेगळं. विल्यम हॅडन या डॉक्टरांनी, जे १९६६ मध्ये अमेरिकेच्या केंद्रीय रस्तेसुरक्षा यंत्रणेचे पहिले प्रमुख झाले, अपघाताकडे रोगासारखं पाहण्याचा एक तक्ता मांडला. अपघाताआधी, अपघाताच्या क्षणी आणि अपघातानंतर अशा तीन ओळी. माणूस, वाहन आणि परिसर असे रकाने. तो तक्ता हाती घेऊन इस्पितळाची नोंद तपासली तर हाडाचा कोड एकाच घरात बसतो: अपघातानंतरचा माणूस. वाहन आणि परिसर हे रकाने भरायचे असतील तर इस्पितळाकडे 'व्ही' आणि 'वाय'चे कोड सोडून दुसरं काही नाही.

आता त्या दोघांकडे परत जाऊ, कारण खरी गंमत तपशिलात आहे. स्केटबोर्डवरचा माणूस या वर्गीकरणात वाहनचालक नाही, पादचारी आहे. व्हीलचेअर, बाबागाडी, रोलर स्केट्स, घसरगाडी यांच्यासारखंच स्केटबोर्ड हे 'पादचाऱ्याचं साधन' मानलं जातं. तो एकटाच पडला तर व्ही ००.१३१. खांबावर आदळला तर व्ही ००.१३२. पायी चालणाऱ्याला त्याने धडक दिली आणि लागलं चालणाऱ्याला, तर त्या चालणाऱ्याच्या कागदावर व्ही ००.०२. सायकलीची धडक बसली की मात्र गाडी पुढच्या गटात जाते: व्ही ०१. तिथे पुन्हा एक फाटा आहे. घटना सार्वजनिक रहदारीच्या जागी घडली तर व्ही ०१.१२, नाही तर व्ही ०१.०२. रहदारीची जागा म्हणजे फक्त गाड्यांचा डांबरी पट्टा नव्हे. व्याख्येनुसार, लोकांना ये-जा करायला खुल्या असलेल्या जागेची दोन्ही बाजूंच्या मालमत्तांच्या हद्दींमधली सगळी रुंदी त्यात येते. म्हणजे फुटपाथवरची धडकसुद्धा रहदारीतली. आपला मुलगा सायकलमार्गावर सापडला, म्हणून व्ही ०१.१२, दहा पावलं मागे, मैदानाच्या आत सापडला असता तर व्ही ०१.०२. त्याच्या जोडीला वाय ९२.४८२, म्हणजे जागा सायकलमार्ग, आणि वाय ९३.५१, म्हणजे स्केटिंग किंवा स्केटबोर्डिंग चालू होतं. चार कोड वाचले की मनगट, फळी, सायकल आणि जागा हे चौघे डोळ्यांसमोर उभे राहतात. गोष्ट पुरी झाली.

सायकलवाल्याची गोष्ट मात्र अर्धीच राहते. त्याला व्ही १० हा गट लागतो, आणि त्या गटाचं नाव आहे 'पादचारी किंवा प्राणी यांच्याशी झालेल्या धडकेत जखमी सायकलस्वार'. पुढचा अंक तो चालवत होता की मागे बसला होता आणि घटना रहदारीतली होती की नव्हती, एवढंच सांगतो, व्ही १०.४ म्हणजे चालवत होता, रहदारीत होता. कशाशी टक्कर झाली हे सांगायला जागाच नाही. स्केटबोर्ड पादचाऱ्यात जिरलं आणि पादचारी प्राण्यांच्या शेजारी जाऊन बसला. त्यामुळे स्केटबोर्डवाल्याला धडकून गळपट्टीचं हाड मोडलेला आणि भटक्या कुत्र्याला चुकवता न आल्याने पडलेला असे दोन सायकलस्वार आकडेवारीत अगदी एकसारखे दिसतात. वाय ९२ने जागा कळेल, पण वाय ९३मध्ये तो स्वतः काय करत होता तेच लिहायचं असतं. समोरचा काय करत होता ते कुठेच नाही. उद्या एखाद्या नगरपालिकेने विचारलं की स्केटबोर्डमुळे सायकलवाल्यांना किती लागतं, तर हे कोड उत्तर देऊ शकणार नाहीत. उलट प्रश्नाला, म्हणजे सायकलींमुळे स्केटबोर्डवाल्यांना किती लागतं याला, नेमकं उत्तर तयार आहे. ज्याची बाजू यादीत आहे त्याचीच जखम मोजली जाते, आणि यात कुणाचा पक्षपात असण्याची गरज नाही. यादी करणाऱ्यांनी वाहन पाहिलं की पादचारी, एवढ्यानेच हे ठरतं.

त्याहून अवघड प्रकार आणखी एक आहे. मुलगा फळीवरून पडला, फळी एकटीच घरंगळत गेली आणि सायकलीच्या पुढच्या चाकाखाली आली. सायकलवाला पडला तेव्हा मुलगा पंधरा फूट लांब होता. ही पादचाऱ्याशी धडक म्हणायची का? स्थिर वस्तूशी धडक म्हणायची, तर फळी हलत होती. धडक नसलेला अपघात म्हणायचा, तर चाकाखाली काहीतरी आलंच होतं. दोन मुरलेले कोडर इथे दोन वेगळे कोड लावतील आणि ऑडिटर कदाचित तिसरा. वर्गीकरणाच्या कडेला असे प्रसंग राहणारच. ते दाखवून अख्ख्या यादीला निकालात काढणारे मात्र जुनी यादी कशी होती हे पाहायचं टाळतात.

२०१५ पूर्वी अमेरिकेत नववी आवृत्ती चालत होती. तिच्यात मोटारगाडीचा संबंध नसलेल्या सायकल अपघातांना एकच गट होता, ई ८२६. सायकलवरून आपोआप पडलेला, दुसऱ्या सायकलीला धडकलेला, चालणाऱ्या आजोबांना धडकलेला, पायजमा चाकात अडकलेला, सगळे त्यातच. चौथा अंक फक्त जखमी माणूस पादचारी, सायकलस्वार की आणखी कोणी ते सांगायचा. स्केटबोर्डवरून पडण्याला ई ८८५.२ हा वेगळा कोड होता, पण सायकलीने उडवलेला स्केटबोर्डवाला ई ८२६.० मध्ये इतर पादचाऱ्यांत मिसळून जायचा. म्हणजे आपल्या उदाहरणातली धडक जुन्या यादीत दोन्ही बाजूंनी अदृश्य होती. नव्या यादीत ती एका बाजूने तरी दिसते. जखम काय आणि ती कशाने, हे दोन प्रश्न वेगळे ठेवण्याची रीत तर त्याहून जुनी आहे. १९४८च्या सहाव्या आवृत्तीतच या दोन्हींसाठी निरनिराळ्या याद्या केल्या गेल्या होत्या. पुढच्या दशकांनी त्यात बारकावे भरले, कल्पना नवी नव्हे.

बारकावा नसला की काय होतं याचा पुरावा विजेच्या स्कूटरने दिला. सप्टेंबर २०१७ मध्ये सांता मोनिकाच्या रस्त्यांवर भाड्याने मिळणाऱ्या उभ्या स्कूटर आल्या आणि पाहता पाहता शहराशहरांत पसरल्या. इमर्जन्सी विभागातल्या डॉक्टरांना रोज मोडलेली मनगटं आणि फुटलेली डोकी दिसत होती, पण कोडमध्ये त्या स्कूटरला स्वतःचं घर नव्हतं. मग दक्षिण कॅलिफोर्नियातल्या दोन इमर्जन्सी विभागांच्या एका वर्षाच्या नोंदी संशोधकांनी तपासल्या. जानेवारी २०१९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्या अभ्यासात २४९ रुग्ण निघाले. त्यातले २२८ स्कूटर चालवणारे होते आणि २१ जण तर स्कूटरवर नव्हतेच. कुणाला धडक बसली होती, कुणी उभ्या करून ठेवलेल्या स्कूटरला अडखळलं होतं. सुमारे ४० टक्के रुग्णांच्या डोक्याला मार होता, जवळपास ३२ टक्क्यांची हाडं मोडली होती. चालवणाऱ्यांपैकी हेल्मेट घातल्याची नोंद फक्त १० जणांच्या कागदांवर सापडली. हे कळायला दोन इस्पितळांचे चार्ट हाताने वाचावे लागले. देशाचं चित्र हवं असेल तर हाताने वाचणं शक्य नाही. ऑक्टोबर २०२० मध्ये यादीत उभ्या विजेरी स्कूटरसाठी कोड आले: पडल्यास व्ही ००.८४१, स्थिर वस्तूला धडकल्यास व्ही ००.८४२, आणि पायी चालणाऱ्याला तिची धडक बसल्यास व्ही ००.०३१. त्या २१ जणांतल्या धडक बसलेल्यांसारख्यांना जागा मिळाली ती तीन वर्षांनी. विजेरी सायकलींना तर ऑक्टोबर २०२२ पर्यंत थांबावं लागलं, आणि त्यांना बसवलं मोटारसायकलींच्या गटात. हा निर्णय वादाचा आहे. पेडल मारत हळू जाणारी विजेरी सायकल मोटारसायकलीच्या शेजारी का, असा प्रश्न रास्त आहे. पण वेगळा अंक दिलेला असल्यामुळे तो गट नंतर हवा तसा हलवता येतो. नोंदच नसती तर हलवणार काय?

या यादीवरचा सगळ्यात गाजलेला आक्षेप हास्याचा आहे. विमानाच्या इंजिनात ओढला गेलेला माणूस दुसऱ्यांदा दाखवायला आला तर त्यासाठी कोड आहे, पेटलेल्या वॉटर-स्कीने भाजल्यास कोड आहे, बदकाने मारल्यास कोड आहे. नवी यादी आधी ऑक्टोबर २०१३ला येणार होती, मग २०१४ला, मग अमेरिकी काँग्रेसने २०१४च्या एप्रिलमध्ये कायदाच करून ती आणखी एक वर्ष पुढे ढकलली. या सगळ्या वर्षांत अशा कोडांवर विनोद चालू होते आणि ती रद्द करण्याचं विधेयकही एका खासदाराने आणलं होतं. डॉक्टरांची तक्रार खोटी नव्हती. १४ हजारांच्या आसपास असलेले निदानाचे कोड एकदम ६८ हजारांच्या वर गेले, आणि लहान दवाखान्याला सॉफ्टवेअर, प्रशिक्षण, नाकारले गेलेले क्लेम या सगळ्याचा खर्च पेलणं सोपं नव्हतं. पण फुगवट्याचा मोठा वाटा डाव्या-उजव्याचा आणि शेवटच्या अक्षराचा आहे, बदकांचा नव्हे. इंजिनाचा तो 'दुसऱ्यांदा'चा कोड कुणी विचार करून लिहिलेला नाही. जवळपास प्रत्येक बाह्य कारणाला 'ए', 'डी', 'एस' अशी तीन शेपटं यंत्रवत लागतात, म्हणून तो जन्मला. आणि जाड शब्दकोशामुळे बोलणाऱ्याची जीभ अडखळत नाही. कोडरही अख्खी यादी वाचत नाही, लागेल त्या पानावर जातो. विनोद करणाऱ्यांनी बदक निवडलं आणि व्ही ०१.१२ सोडून दिला, कारण त्यात हसण्यासारखं काही नव्हतं.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. अपघाताचं कारण लिहिलं की विमा कंपनी ते वापरते. जखमेचा क्लेम आला की 'हे कसं झालं, यात दुसरं कोणी जबाबदार होतं का' अशी विचारणा करणारं पत्र रुग्णाच्या घरी जाणं अमेरिकेत नवलाचं नाही. दुसऱ्याच्या विम्यातून पैसे वसूल करता येतील का हे कंपनीला पाहायचं असतं. मनगट प्लास्टरमध्ये असलेल्या माणसाला तो फॉर्म भरणं हा जाच आहे. तो जाच आहे हे मान्य करावं लागतं. पण बाह्य कारणाचा कोड गाळल्याने तो टळतोच असं नाही, कारण हाड मोडल्याचा कोडसुद्धा त्या पत्राला पुरेसा असतो. आणि या कोडांमध्ये दोष कुणाचा हे कुठेही लिहिलेलं नाही. व्ही ०१.१२ सांगतो की स्केटबोर्डवरच्या माणसाला सायकलीशी झालेल्या धडकेत लागलं. तो आडवा आला की सायकलवाला मोबाईलमध्ये पाहत होता, हे तो सांगत नाही. दोष ठरवण्यासाठी पोलीस आणि कोर्ट आहेत. वळण रुंद करायला दोषाची माहिती लागत नाही, धडकांची संख्या लागते.

तिसरा आक्षेप आजच्या काळाचा: संगणक आता मजकूर वाचू शकतो, मग कोडचा खटाटोप कशाला? याला अर्धा होकार द्यायला हवा. अमेरिकेच्या ग्राहक-उत्पादन सुरक्षा आयोगाची एक जुनी यंत्रणा सुमारे १०० इस्पितळांच्या इमर्जन्सी विभागांतून नमुना गोळा करते. ती प्रत्येक घटनेला वस्तूचा क्रमांक देते, स्केटबोर्डला १३३३ आणि सायकलीला ५०४०, आणि सोबत काय घडलं ते एक-दोन वाक्यांत लिहून ठेवते. आपल्या सायकलवाल्याच्या नोंदीत स्केटबोर्ड दिसेल ते अशाच ठिकाणी. व्ही १०ने गमावलेलं ही दोन वाक्यं परत मिळवून देतात. पण ती मिळतात कारण ती लिहिणं हे कुणाचं तरी नेमलेलं काम आहे. इमर्जन्सीच्या चार्टमध्ये 'पडला, मनगट दुखतं' एवढंच लिहिलेलं असेल तर त्यातून सायकल काढून दाखवणारं यंत्र नाही. स्कूटरच्या अभ्यासातल्या हेल्मेटच्या त्या १० नोंदी हेच सांगतात: उरलेल्यांतले किती जण खरंच बोडके होते आणि कितींना कुणी विचारलंच नाही, ते चार्टवरून वेगळं करता येत नाही. कोडची खरी किंमत इथे आहे. यादीत 'धडक कशाशी' असा रकाना असेल तर कधी ना कधी नर्सच्या फॉर्मवर तो प्रश्न येतो.

भारतात जागतिक आरोग्य संघटनेची मूळ दहावी आवृत्ती वापरतात, आणि तिच्यात स्केटबोर्डवरून पडणं बर्फावरच्या स्केट्स, स्की आणि रोलर स्केट्ससोबत डब्ल्यू ०२ या एकाच कोडमध्ये येतं. आपल्याकडची रस्ते अपघातांची वार्षिक आकडेवारी इस्पितळांवर नव्हे, पोलिसांच्या नोंदींवर उभी आहे. त्यामुळे पोलिसांपर्यंत न गेलेली धडक तिच्यात येतच नाही. मात्र व्ही ०१.१२ हा कोड प्रत्यक्षात टाईप करणारी बोटं पुण्यातली किंवा नवी मुंबईतली असण्याची शक्यता बरीच आहे. बीएस्सी, बीफार्म, फिजिओथेरपी करून, कोडरांच्या सीपीसी या प्रमाणपत्राची परीक्षा देऊन हजारो मुलं-मुली अमेरिकी चार्ट कोड करण्याच्या नोकरीत आहेत. त्यांची कसोटी ठरते ती तासाला किती चार्ट आणि ऑडिटमध्ये किती टक्के अचूकता यावर. चार्टमध्ये नसलेलं काही लिहायचं नाही हा पहिला नियम. शंका असेल तर डॉक्टरांना क्वेरी पाठवता येते, पण क्वेरी जाते ती डावं की उजवं, बंद की उघडी जखम यासाठी, कारण तिथे क्लेम अडतो. सायकल होती का, फळी होती का, यासाठी पाठवलेली क्वेरी टीम लीडरला वेळेचा अपव्यय वाटते, आणि त्याच्या हिशेबाने ते चूकही नाही.

१ जानेवारी २०२२ पासून लागू झालेली अकरावी आवृत्ती अमेरिकेने अजून स्वीकारलेली नाही. तिच्यात बाह्य कारणाच्या मुख्य कोडला जोडायचे उपकोड वेगळे ठेवले आहेत, आणि रस्त्यावरच्या धडकेत समोरचा पक्ष कोण होता हे त्यांपैकीच एका गटात येतं. त्या रचनेत सायकलवाल्याची बाजूही मांडता येते, कारण जखमी कोण आणि धडक कशाशी हे दोन प्रश्न एकाच कोडमध्ये कोंबलेले नाहीत. पण उपकोड जोडणं ऐच्छिक आहे, आणि ऐच्छिक रकान्यांचं गर्दीच्या रात्री काय होतं ते दहाव्या आवृत्तीने दाखवलेलंच आहे. अमेरिकेतल्या ज्या राज्यांनी बाह्य कारणाचा कोड कायद्याने मागितला तिथे इस्पितळाला तो रकाना भरावाच लागतो. बाकी ठिकाणी तो भरायचा की नाही, हे त्या पाळीत किती चार्ट शिल्लक आहेत यावर ठरतं.